काठी परत आली का?

मित्रांनो, देवरूखजवळच्या एका डोंगराच्या पायथ्याशी गंजलेला पत्र्याचा फलक दिसतो ना, तो मी. मी जन्माचा भित्रा. उभा असतो पायथ्याशी, पण जीव सदा वरच्या कड्यावर टांगलेला.

लांज्याच्या एका कारागिराने मला कापून खांबांवर ठोकले. गावकऱ्यांनी माझ्यावर लिहिले : 'पुढे धोका आहे. काठी घेऊन जा. उतरल्यावर परत ठेवा.' काठ्या माझ्याच पायाशी टेकवलेल्या असत. खालच्या वाडीतली सुंदराबाई तिन्हीसांजेला येऊन त्यांच्यावर नजर फिरवी. काठी आली म्हणजे माणूस आला. एखादी कमी दिसली की ती वाडीला हाक मारी. लोक मला शहाणा फलक म्हणत. पण पावसाने माझी अक्षरे हळूहळू खाल्ली आणि माझ्याकडे कोणी बघेनासे झाले.

यंदा मला पुन्हा रंगवायचे ठरले. त्यासाठी एका शाळेत स्पर्धा झाली : समानार्थी शब्द वापरून फलकावरचा मजकूर सुंदर करा. मनस्विनी पहिली आली. तिचे शब्द माझ्यावर चढले : 'पुढे आव्हान आहे. यष्टी घेऊन प्रस्थान करा. अवरोहणानंतर पूर्वस्थानी ठेवा.' मी नटलो खरा, पण झाले भलतेच. लोक माझ्यापुढे फोटो काढत, 'आव्हान' वाचून हुरळून जात आणि काठीला हातही न लावता वर चढत.

एके दुपारी मनस्विनी धाकट्या भावाला, वेदला, आपला मजकूर दाखवायला घेऊन आली.

"ताई, यष्टी म्हणजे काय?"

"अरे, काठी."

"मग घ्यायची का?"

"राहू दे रे. ते वाक्य छान दिसावं म्हणून लिहिलंय. आपण लगेच येऊ."

पाण्याच्या बाटलीची पिशवी माझ्या खिळ्याला अडकवून दोघे वर गेली. थोड्याच वेळात धुके उतरले. कडा दिसेना. कोणी परतेना. तिन्हीसांजेला सुंदराबाई आली, तिने काठ्या पाहिल्या.

"सगल्या हायत. वर कोन नाय," असे पुटपुटत ती घराकडे वळली.

मला ओरडायचे होते. पण मला तोंड नाही, अंगावरचे शब्द तेवढे आहेत, आणि ते कुचकामी ठरले होते. इतका मी कधीच घाबरलो नव्हतो.

तेवढ्यात वारा सुटला. पिशवीतली स्टीलची बाटली माझ्या पत्र्यावर आपटली. ठण्ण! सुंदराबाई थबकली, मागे आली.

"अगो बाय! पिशवी हाय, मग मान्सं कुठं हायत?"

तिच्या हाकेसरशी वाडीतली माणसे बॅटऱ्या घेऊन धावली. दोघे अगदी कड्याजवळ एकमेकांना मिठी मारून बसली होती. वेदचा पाय मुरगळला होता. खाली आल्यावर मनस्विनी माझा खांब धरून हमसाहमशी रडली.

पुढच्या रविवारी ती रंगाचा डबा घेऊन आली. "आजी, काय लिहू?" तिने सुंदराबाईला विचारले.

"धोका लिव, बाय. नि काठीला काठीच म्हन."

मित्रांनो, शब्द जरूर सजवा. पण ज्या शब्दावर कोणाचा जीव टेकलेला असतो, तो बदलताना जरा भीत जा.

आज पुन्हा धुके उतरले आहे. काठ्यांमध्ये एक जागा रिकामी आहे. सुंदराबाई घरी गेलेली नाही, डोंगराकडे बघत उभी आहे. ती काठी ज्याच्या हातात असेल, त्याने कृपा करून लवकर खाली यावे.