वकिलांनी दिवा लावला

मित्रांनो, मी भिंतीतली एक जुनी काच आहे. अमेरिकेतल्या टोलेडो शहरातल्या कारखान्यात माझा जन्म झाला. अंगावर चांदीसारखा पातळ मुलामा चढवून मला दोन खोल्यांच्या मधल्या भिंतीत बसवलं. उजेडातल्या खोलीतून पाहिलं तर मी आरसा, अंधारातल्या खोलीतून पाहिलं तर खिडकी.

माझी मालकीण व्हर्नाबाई. आमच्याकडे खटल्याचा निकाल ज्यूरी देते, म्हणजे लोकांतून निवडलेली साधी माणसं. ती काय ऐकतात, कशावर चिडतात, याचा बाई अभ्यास करायच्या. खऱ्या खटल्याआधी तशीच माणसं रोजावर बोलावून उजेडात बसवायच्या आणि खटला ऐकवायच्या. वकिलांनी अंधारात बसून त्यांचं बोलणं ऐकायचं. पण बहुतेक वकील सँडविच खात स्वतःच बोलत राहायचे. मला रोज पुसलं जायचं, माझं कौतुक व्हायचं. बघायचं मात्र कुणालाच नसायचं.

ऑरव्हिल टॅकेटचा खटला मला अजून सलतो. त्याची बायको लर्लीन टोमॅटोच्या कारखान्यात यंत्रात सापडून गेली. मालक म्हणत होता, चूक तिचीच. तिच्या नावावरचा हा ठपका पुसला जावा, एवढंच ऑरव्हिलला हवं होतं.

त्याच्या साक्षीची फीत लावली. तीत तो सारखा घड्याळ बघत होता. रोजावर आलेल्यांतली डिलोरिस नावाची बसचालक बाई म्हणाली, "हा बायकोबद्दल सांगतोय की बसची वाट बघतोय? मलासुद्धा इतकी घाई नसते बाई." सगळे हसले.

अंधारात ऑरव्हिलचे वकील प्रेस्कॉट भडकले. त्या लोकांना आधी ऐकवलेलं आपलं भाषण पुन्हा वाचून बघावं म्हणून त्यांनी टेबलावरचा दिवा लावला. झालं. मी दोन्हीकडून खिडकी झाले. डिलोरिसला वकील दिसले, आणि शेजारी मान खाली घालून बसलेला ऑरव्हिलही. तिनं बाकीच्यांना कोपरानं खुणावलं. मग एकेक जण गोड बोलू लागला. बिचारा किती सोसतोय, वकील किती छान बोलले.

"बघा, पटलं त्यांना," वकील म्हणाले.

"तुम्ही दिसलात म्हणून पटलं, साहेब. दिव्यानंतरचं काही धरू नका. कोर्टात त्याला त्या घड्याळाचं विचारा," व्हर्नाबाई म्हणाल्या.

"बाई, मला वकिली शिकवू नका."

वकील गेल्यावर व्हर्नाबाईंनीच विचारलं. ऑरव्हिल म्हणाला, "जेवणाच्या सुट्टीत ती फोन करायची. साक्ष नेमकी त्याच वेळेला होती. नजर जाते आपोआप."

बाईंनी वकिलांना फोन केला. त्यांनी ऐकून न घेताच ठेवला. कोर्टातही कुणी विचारलं नाही. ज्यूरीला ऑरव्हिल कोरडा वाटला. ठपका लर्लीनवरच राहिला.

नंतर तो, त्या लोकांना दाखवायला दिलेला तिचा फोटो परत न्यायला आला. जेवणाची वेळ होती. त्यानं माझ्यासमोर उभं राहून घड्याळ पाहिलं. माझ्यात त्याला एकटा तोच दिसला.

आता बाई थकल्या, मी गोदामात धूळ खात पडले आहे. मित्रांनो, मला पुसलं नाहीत तरी चालेल. पण समोरचा बोलत असताना आपल्या बाजूचा दिवा विझवा. आणि कुणी सारखं घड्याळ बघत असेल, तर हसण्याआधी एकदा विचारा.