भरल्या पोटी विझलेली भट्टी

मित्रांनो, जरा वाकून माझ्या डाव्या कुशीतल्या खिडकीतून आत पाहा. खिडकी तुमच्या पंजाएवढीच आहे, तेव्हा ढकलाढकली नको, एकेकाने पाहा. आत हिरवट काहीतरी साचलेले दिसते ना? तुमच्यातला कुणी म्हणेल शेवाळलेले तळे, कुणी म्हणेल बर्फ. ती काच आहे. सात वर्षे ती माझ्या पोटात बसून आहे, आणि ती तिथे असायला नको होती.

मी काचेचा धागा काढणारी जुनी भट्टी आहे. काचेचा धागा म्हटले की मुले हसतात. त्यांना खिडकीची काच आठवते, फुटलेला पेला आठवतो. पण तुमच्या गच्चीवरची पाण्याची टाकी, कोळ्याची हलकी होडी, पवनचक्कीचे लांबलचक पाते, मोटारसायकल चालवताना डोक्यावर घालायचे शिरस्त्राण, या सगळ्यांच्या अंगात काचेचा धागा असतो. एरवी काच लगेच फुटते. केसाहून बारीक ओढली की तीच काच वाकते, विणली जाते आणि भलतीच चिवट होते.

माझ्या तोंडात वाळू, चुनखडी आणि पांढरी माती टाकत. माझ्या पोटात त्यांचा मधासारखा दाट, डोळे दिपवणारा पांढरा रस होई. पोटाखाली शेकडो छिद्रांची धातूची पट्टी होती. त्या छिद्रांतून रसाचे थेंब खाली उतरत आणि प्रत्येक थेंब आपल्यामागे एक तार ओढत नेई. त्या तारा एकत्र धरून फिरत्या पिंपावर चढवायच्या, हे काम सूनबाईंचे. त्यांचा हात इतका हलका होता की तार तुटली तरी तिला कळू न देता त्या जोडत. माझ्यासमोर इतकी माणसे येऊन गेली, पण तसा हात मी दुसरा पाहिला नाही.

सूनबाई म्हणजे निळेकाकांची सून. निळेकाका माझे भट्टीवाले. माझ्या आत नुसत्या डोळ्यांनी पाहता येत नसे, म्हणून ते निळ्या काचांचा चष्मा वापरत आणि काम नसले की तो कपाळावर चढवून ठेवत. जेवतानाही, सांगतात की झोपतानाही. त्यांचे खरे नाव पगाराच्या दिवशीच कळायचे.

आता माझ्या जन्माची गोष्ट. त्याआधी आपल्या देशात काचेचा धागा हातभरही निघत नव्हता. सगळा माल जहाजाने परदेशातून यायचा. त्यालाच आयात म्हणतात. आमच्या साहेबांना हे फार लागायचे. वाळू आपल्याकडे, चुना आपल्याकडे, हात आपल्याकडे, आणि धागा मात्र दुसऱ्याचा! त्यांनी तीन वर्षे खटपट करून मला उभी केली. मग माझ्यासमोरच्या काचेच्या खोलीत, भिंतीवर, चौकटींचा एक मोठा कागद चिकटवला. दर तीन महिन्यांनी बंदरातून आकडे येत आणि साहेब लाल पेन्सिलीने त्या कागदावर रेघ पुढे न्यायचे. परदेशातून किती धागा आला, त्याची ती रेघ. सुरुवातीला ती पार वर होती. मी पेटले आणि ती उतरू लागली.

"काका, बघितलंत का? आणखी दोन घरं खाली," साहेब खोलीच्या दारातून ओरडून सांगत.

"अजून उतरवू साहेब. पोट भरलेलं ठेवा हिचं, बाकी माझ्यावर सोडा," काका म्हणत.

मी तर हवेतच होते. रेघ कागदावर उतरायची आणि मान माझी वर जायची. माझ्या धाग्याची पहिली होडी पाण्यात सोडली तेव्हा होडीवाला मुद्दाम मला भेटायला आला होता आणि माझ्या गरम विटांना हात लावायला गेला. काकांनी वेळीच त्याची कॉलर धरून मागे ओढले. त्या दिवशी अख्खी शेड हसत होती.

मित्रांनो, भट्टीचा एक नियम तुम्हाला सांगायला हवा, कारण पुढचे सगळे त्यावरच आहे. भट्टी रोज पेटवत नाहीत. एकदा पेटली की ती वर्षानुवर्षे पेटलेली राहते, सुट्टीलाही आणि रविवारीही. विझवायचीच वेळ आली तर आधी तिला रिकामी करतात. माझ्या तळाला एक बूच आहे. ते काढले की सगळा रस खालच्या पाण्याच्या कुंडीत उतरतो आणि त्याचा चुरा होतो. मग दहा दिवस आच हळूहळू कमी करत न्यायची. अशी विझवलेली भट्टी त्याच विटांवर पुन्हा पेटते. रस आत ठेवून विझवली, तर तो गोठतो, आकसतो आणि विटांना ओढून तडा देतो. मग सगळे संपले. काकांनी मला दोनदा रिकामी केले होते, दोन्ही वेळा डागडुजीसाठी, आणि दोन्ही वेळा मी पुन्हा पेटले होते. म्हणजे त्यांना सगळे माहीत होते.

पुढे रेघ फिरली. आधी ती नुसती आडवी झाली. मग एक घर वर, मग चार घरे वर. परदेशात माझ्या दसपट मोठ्या भट्ट्या उभ्या राहिल्या होत्या आणि त्यांचा धागा निम्म्या भावात येऊ लागला होता. तो वाईट होता असे मी म्हणणार नाही. पांढराशुभ्र, एकसारखा, गुळगुळीत कागदात गुंडाळलेला. तो पाहून माझा जळफळाट व्हायचा. माझा होडीवालासुद्धा तिकडे वळला. समोरून जाताना तो नजर चुकवायचा. कागद वरून संपला, तेव्हा साहेबांनी वर दुसरा कागद जोडला. मग रेघ ओढायला त्यांना स्टुलावर चढावे लागू लागले. एके दिवशी ते त्या स्टुलावरून उतरले आणि तिथेच छाती धरून बसले.

साहेब घरी पडून राहिले आणि त्यांची मुलगी कामावर येऊ लागली. सगळे तिला ताई म्हणत. ताई वाईट नव्हती, मित्रांनो. गोष्टीत कुणीतरी दुष्ट असला की सोपे जाते, पण इथे तसे कुणी नाही. ताईने भिंतीवरची रेघ पाहिली. ती चढतच चालली होती आणि चढतच राहील असे कुणालाही वाटले असते. मागणी नसली तरी मी रोज तेवढेच इंधन खात होते. तिने ठरवले की काही महिने मला विझवायचे, तोवर परदेशी धागा आणून विकायचा आणि बरे दिवस आले की मला पुन्हा पेटवायचे.

तिने काकांना खोलीत बोलावले. दार उघडे होते, मला सगळे ऐकू आले.

"काका, रिकामी करून विझवली तर पुन्हा पेटेल ना?"

"पेटेल."

"मग सोमवारी रिकामी करा. त्यानंतर दहा दिवसांत इंधन बंद."

"बरं," काका म्हणाले. चष्मा कपाळावरून काढून पुसत राहिले.

सोमवारी त्यांनी सगळ्यांना बाहेर पाठवले. रस उडतो, कुणी जवळ नको, असे सांगितले. मग ते माझ्या तळाशी येऊन बसले. बुचाला पहार लावली. मी वाट पाहत होते. बराच वेळ ते तसेच बसून राहिले आणि मग त्यांनी पहार बाजूला ठेवली.

"रिकामी केली तर तुला परत भरायला बारा दिवस लागतील," ते मला म्हणाले. "कोण भरणार? तू पोटानं भरलेली असलीस, तर ताईंचं मन बदलल्यावर एका दिवसात उठशील. आणि बदलेल त्यांचं मन, रस गोठायच्या आत. साहेब बरे होऊन येतील."

त्यांनी उठून फळ्यावर खडूने लिहिले, "भट्टी रिकामी." खाली तारीख घातली. तीस वर्षांत त्या फळ्यावर काकांनी लिहिलेली एकही ओळ खोटी निघाली नव्हती. त्यामुळे ती कुणी तपासलीच नाही.

नाही म्हणायला सूनबाईंनी कुंडीत डोकावले. "बाबा, पाणी अगदी स्वच्छ आहे. काचेचा चुरा दिसत नाही कुठे?"

"गाडी घेऊन गेली," काका म्हणाले.

सूनबाई क्षणभर कुंडीकडे पाहत राहिल्या. मग पदर खोचून कामाला लागल्या.

तुम्ही विचाराल, तू का नाही ओरडलीस? मला ओरडता येत नाही हे खरे. पण त्याहून खरे सांगते. मला बरे वाटले होते. रिकामी व्हायचे माझ्याही जिवावर आले होते. काकांनी पहार बाजूला ठेवली तेव्हा माझा जीव भांड्यात पडला, आणि त्याचीच मला आज सगळ्यात जास्त लाज वाटते.

आच उतरू लागली. काका रोज दुपारी खिडकीपाशी येत. पांढरा रस पिवळा झाला, पिवळ्याचा नारिंगी. चौथ्या दिवशीसुद्धा बूच काढता आले असते. काका त्या दिवशी दोनदा खोलीच्या दारापर्यंत गेले. ताई आत फोनवर बोलत होती. ते परत फिरले. सहाव्या दिवशी रस इतका घट्ट झाला की पहारीलाही दाद देईना. नवव्या दिवशी माझ्या पोटात टक्‌ असा आवाज झाला आणि एक वीट वरपासून खालपर्यंत तडकली. मग दुसरी. काका माझ्या पायरीवर डोक्याला हात लावून बसले होते. कुणी विचारले तर म्हणाले, गुडघा दुखतोय.

नंतर माझ्याभोवती परदेशी धाग्याच्या गुंडाळ्या रचल्या गेल्या. शेडचे गोदाम झाले. काका दारावर बसून आलेली खोकी मोजू लागले आणि सूनबाई त्याच हलक्या हातांनी खोक्यांवर चिठ्ठ्या चिकटवू लागल्या. साहेबांची सवय म्हणून ताई भिंतीवरची रेघ तेवढी नेमाने ओढत असे.

दीड वर्ष गेले आणि रेघ पुन्हा खाली वळली. ती माझ्यामुळे उतरत नव्हती. ज्या देशातून धागा यायचा, तिथे त्यांच्याच पवनचक्क्यांना तो पुरेना. आधी भाव दुप्पट झाला, मग जहाजे कमी झाली, मग येईनाशीच झाली. इथे टाकीवाले, होडीवाले दारात उभे. सगळ्यांच्या तोंडचे पाणी पळाले होते. माझा जुना होडीवालाही आला आणि या वेळी त्याने नजर चुकवली नाही.

ताई धावतच शेडमध्ये आली. तिचा चेहरा लहान मुलीसारखा फुलला होता. "काका, पेटवा. आपले दिवस आले."

काका उठले. चष्मा हातात घेतला. "ताई, ती पेटायची नाही."

"का? तुम्हीच म्हणालात, रिकामी असली की पेटते."

"मी रिकामी केलीच नाही."

ताई माझ्या खिडकीपाशी आली आणि तुम्ही आता पाहिलेत तसे तिने आत पाहिले. खूप वेळ पाहिले. मी तिच्या रागाची वाट पाहत होते. राग आला असता तर बरे झाले असते.

"पेटेल का, एवढंच मी तुम्हाला विचारलं," ती म्हणाली. "विझवू का, हे विचारायला हवं होतं."

"मी न विचारता सांगायला हवं होतं," काका म्हणाले.

"कुंडीतलं पाणी स्वच्छ होतं," मागून सूनबाईंचा आवाज आला. "मी पाहिलं होतं."

नव्या विटा मागवायच्या तर त्याही परदेशातूनच येणार, त्याच न येणाऱ्या जहाजांनी. छिद्रांची मौल्यवान पट्टी शेवटी देणी फेडायला विकली. हळूहळू माणसे पांगली. सूनबाई एका शिवणकामाच्या कारखान्यात लागल्या.

त्या उन्हाळ्यात साहेबांनी शेड पाहण्याचा हट्ट धरला. त्यांची आठवण विरळ झाली होती. चाकाच्या खुर्चीतून त्यांना आणले आणि भिंतीवरच्या कागदासमोर बसवले. पत्र्याखाली इतके तापले होते की माझा गारठा त्यांना जाणवला नसावा. रेघ पार तळाला टेकली होती, इतक्या वर्षांत कधी नव्हती इतकी. साहेबांनी बोटाने तिचा माग काढला. आनंदाने त्यांचे डोळे भरून आले.

"उतरली," ते म्हणाले. "शेवटी उतरवलीत तुम्ही. काका, चालू आहे ना आपली?"

ताईने तोंड फिरवले. काकांनी कपाळावरचा निळा चष्मा डोळ्यांवर ओढला. माझ्या आत अंधार होता, त्या चष्म्याची काहीच गरज नव्हती. तरी त्यांनी तो घातला, खिडकीशी वाकले आणि नेहमीच्या सवयीने पाहून घेतले.

"पोट भरलेलं आहे, साहेब," ते म्हणाले.

मित्रांनो, माझे मागणे फार नाही. एखादी गोष्ट बंद करायची वेळ तुमच्यावर कधी आली, तर ज्याने ती सांभाळली त्याला आधी विचारा. आणि तुम्हीच ती सांभाळत असाल, तर खरे काय ते चौथ्या दिवसाच्या आत सांगून टाका, दारापर्यंत जाऊन परत फिरू नका. आता निघा, तुमच्या बाई हाका मारत आहेत. शेवटी जो पाहील त्याने तेवढे खिडकीचे झाकण लावा. काका असते तर त्यांनी लावले असते.