न छापलेले अँगल

मुकुंदने छापील नकाशा कॉम्प्युटरच्या पडद्याशेजारी धरला आणि दोन्हीकडच्या रेघा ताडून पाहिल्या. पडद्यावर टाकीच्या मनोऱ्याला चारही बाजूंनी आधाराचे तिरपे लोखंडी अँगल होते. कागदावर मागच्या बाजूचे आलेच नव्हते. त्याच कागदावरून मनोरा उभा राहिला होता आणि वर्कशॉपच्या आवारात या घडीला टाकीत पाणी सोडलेलं होतं.

बोरगावच्या या वर्कशॉपात कॉम्प्युटर आला तो सत्त्याऐंशीच्या दसऱ्याला, हार घालून. नकाशे काढायचा प्रोग्राम यायचा होता. "कंपनीचा छोटा, आपल्याले झेपंन असा मागवला हाय. येईस्तोवर बोर्डावरच काढ," असं मालक गजाननरावांनी बजावलं होतं. पण आपल्या मुकुंद ड्राफ्ट्समनसाहेबांना कुठला धीर! नागपूरच्या मित्राकडून त्याने मोठ्या प्रोग्रामची फ्लॉपी कॉपी करून आणली आणि कंपनीने नमुना दिला म्हणून मालकांना ठोकून दिलं. त्यात चोरी आहे असं त्याला वाटलंच नाही. संत्र्याच्या मुलखातला माणूस तो. शेजाऱ्याच्या झाडाचा डोळा आणून कलम म्हणून आपल्या रोपावर बांधला तर कोणी पावती मागतं का? शेजारी उलट चहा पाजतो.

मुकुंद तसाच आवाराकडे धावत सुटला. वेल्डर रामाजी वर, टाकीच्या काठाशी बसला होता.

"रामाजी, उतरा. लवकर उतरा."

"काऊन? अर्धी तं भरली."

"मी म्हणून राहिलो ना, उतरा."

रामाजी सावकाश शिडी उतरू लागला. पांढुर्ण्याच्या गोटमारीत, दगडफेकीच्या त्या जत्रेत, स्वतःचं कपाळ फुटलं होतं, तेव्हाही मुकुंद एवढा भ्याला नव्हता. मनोरा आत्ता कलेल, मग कलेल, असं त्याला सारखं वाटत होतं. रामाजीचा पाय जमिनीला लागला तेव्हा मुकुंदने त्याचा दंड धरून त्याला मनोऱ्यापासून दूर ओढलं.

गजाननरावांनी पाणी बंद करवलं. "काय झालं?"

मशीन बिघडली म्हणता आलं असतं. तोंडाशी आलंही होतं. "नमुना नव्हता तो," मुकुंद म्हणाला. "चोरून केलेली कॉपी होती. छापताना रेघा खाऊन राहिली."

गजाननरावांनी मनोऱ्याकडे वर पाहिलं. "रोगट झाडाचा डोळा बांधला तू," ते म्हणाले, "अन् वर माणूस चढवला."

टाकी रिकामी झाली. मुकुंदने बोर्डावर पेन्सिलीने नकाशा पुन्हा काढला, गजाननरावांनी रेघ न् रेघ तपासली, राहिलेले अँगल बसले. पुन्हा पाणी भरायचा दिवस आला. वर जाऊन बघायचं काम रामाजीचंच होतं, पण तो शिडीपाशी थांबला.

"आता पक्कं हाय ना, बाबू?"

"पक्कं हाय."

"मंग आधी तुम्ही चढा."

आवाजात राग नव्हता. राग असता तर बरं झालं असतं, असं मुकुंदला वाटलं. तो चढू लागला. अर्ध्यावर त्याने खाली पाहिलं. रामाजीने शिडी दोन्ही हातांनी घट्ट धरली होती आणि तो मुकुंदकडे नाही, मागच्या अँगलांकडे बघत होता.