वारलूचा दम

“डाक्टरसमोर खोकजा बरं. दाबून नोका ठेवू,” खाणीच्या दवाखान्याच्या पायरीवर गुणाबाईनं नवऱ्याला पुन्हा बजावलं.

“हौ ना वं,” वारलू म्हणाला.

वर्षभर त्याची छाती भात्यासारखी वाजत होती, थुंकी काळी पडत होती. डॉक्टरांनी दम आहे असं लिहिलं की माणसाला खाणीतून वर काढून फाटकावर राखणीला बसवत. गुणाबाईला तेवढंच हवं होतं. नवरा उजेडात बसलेला दिसावा.

पण चांद्याच्या आसपास वारलूचा दम गाजलेला होता, तो हुतूतूतला. पोळ्याच्या सामन्यात चार गडी अंगावर पडले तरी त्याच्या तोंडातलं हुतूतू थांबत नसे. मधल्या रेघेला हात लागला की मगच तो श्वास घेई. रेघेपलीकडे दम तुटला तर गडी मेला, हे त्याच्या हाडात मुरलेलं. आणि एकदा नाव झालं की माणसाला नावापुढे जीव स्वस्त वाटतो.

बाकावर त्याचा जुना जोडीदार पोचू बसला होता. “वारलूभाऊ, दाखव रे दम डाक्टरले!” तो ओरडला. सगळी रांग हसली. गुणाबाई नवऱ्यामागोमाग आत शिरली.

डॉक्टरांनी छातीला नळी लावली. “दम लागतो का?”

कोणता दम विचारतात, हे वारलूला पक्कं ठाऊक होतं. पण दारात पोचूची मान डोकावत होती.

“मले? नाई साहेब.”

गुणाबाई बघत होती. त्याला खोकल्याची उबळ आली, मानेच्या शिरा फुगल्या, डोळ्यांत पाणी तरारलं. ओठ मात्र घट्ट मिटलेले. बाहेर रांग मोठी होती. डॉक्टरांनी घाईनं नळी काढली.

“ठीक आहे. जा कामावर.”

वारलू बाहेर आला, कडुनिंबाच्या खोडाला त्यानं हात लावला आणि मग खोकत खोकत खालीच बसला. “सुटला गडी!” म्हणत पोचू त्याची पाठ थोपटू लागला. गुणाबाई तिथेच, सगळ्यांदेखत रडली.

संक्रांतीच्या आधी वारलू गेला. अंगणात तिरडी बांधताना पोचूला हुंदका आवरेना. “बाई, वारलूभाऊसारखा दम कोणाचाच नाई.”

“नाई ना भाऊ,” गुणाबाई म्हणाली. “एक डाव दम तुटला असता, तं आज फाटकावर बसून राह्यले असते.”

कोणीतरी वारलूच्या हनुवटीला बांधायला फडकं आणलं. तिनं हातानंच नको म्हटलं. ओठ मिटलेलेच होते.