दर्भाचा कावळा

व्यंकोजी फुटबॉलच्या संघात फुलबॅक होता. समोरून येणाऱ्याला अडवायचं आणि पायातला चेंडू काढून घ्यायचा, एवढंच त्याचं काम. त्यासाठीच मद्रासच्या एका कारखान्यानं त्याला ठेवला होता. कागदावर तो कारकून. पण बारा वर्षांत त्याच्या वाट्याला टेबल आलं नव्हतं. वेस्ट मांबलमचं घर कारखान्याचं होतं, खेळेल तोवर त्याचं.

गुडघा दोनदा निखळला होता. जिना चढताना तो कठडा धरायचा. बायको, सईबाई, चार वर्षं म्हणत होती की आता पुरे, तंजावरला जाऊ, तिथल्या शाळेत कवायत शिकवा. तो दर वेळी म्हणायचा, एवढा हंगाम होऊ दे. यंदा हंगाम संपायच्या आत ती विषमज्वरानं गेली.

तिचा दहावा आणि हंगामाचा शेवटचा सामना एकाच दिवशी आले. संघाचे व्यवस्थापक राममूर्ती भेटायला आले, डोळे पुसले, आणि उठताना म्हणाले, "राव, विधी सकाळी आहेत. सामना साडेचारला. गाडी पाठवतो."

व्यंकोजीनं त्यांना दारापर्यंत पोचवलं. आत त्याची आई आणि दोन मुली बसल्या होत्या.

दहाव्याला मैलापूरच्या किनाऱ्यावर पिंड ठेवला. कावळे पुष्कळ होते. ओढून ठेवलेल्या होडीच्या काठावर ओळीनं बसले होते, पण एकही खाली येईना. सईचा धाकटा भाऊ जनकोजी यानं हात जोडून सांगितलं, मुलींची लग्नं नीट करू. व्यंकोजीच्या आईनं सांगितलं, मी आहे तोवर त्यांना सांभाळीन. ऊन चढलं, वाळू भाजू लागली. मग सगळे व्यंकोजीकडे बघू लागले. सईचं काय राहिलं होतं ते सगळ्यांना ठाऊक होतं.

"भावोजी, खेळ सोडला म्हणा," जनकोजी म्हणाला.

"साडेचारला सामना आहे."

"मग? म्हणायला काय जातं? मैदानावर कुणाला हलू देत नाही, तसा हा शब्दही अडवून धरलाय."

"चार वर्षं तिला खोटंच सांगितलं, जनकोजी. आज नाही सांगायचं."

खरंच सोडावा, असंही त्याच्या मनात आलं. ओठ उघडलेही. पण घर गेलं तर या तिघींना घेऊन कुणाच्या दारात उभं राहायचं, ते त्याला सुचेना. तंजावरची ती जागा तर केव्हाच भरली होती.

शेवटी भटजींनी दर्भाचा कावळा केला आणि पिंडाला टेकवला. झालं म्हणाले, आता आंघोळी करा. होडीवरचे कावळे हलले नाहीत.

साडेचारला व्यंकोजी मुंडन केलेल्या डोक्यानं मैदानात उतरला. मध्यंतरापर्यंत त्याच्या बाजूनं कुणी पुढे गेलं नाही. राममूर्तींनी त्याच्या हातात सोडा दिला.

"राव, अजून दोन हंगाम सहज."

व्यंकोजीनं मान डोलावली आणि खाली बसून गुडघ्याची पट्टी आवळली.