निळ्या टेपचे तुकडे

निळ्या टेपचा पहिला तुकडा नीलांबरीला जिन्याच्या दुसऱ्या पायरीवर सापडला. तिने तो नखाने सोलून काढला. तिची चौदा महिन्यांची लेक इशिता दिसेल ते तोंडात घालते. घशात अडकायला कितीसा वेळ? दुसऱ्या दिवशी तिथेच नवा तुकडा. शिवाय एक ओव्हनजवळ, एक टेबलाच्या कोपऱ्याशी.

उद्योग गुरुनाथ आजोबांचा, यात शंका नव्हती. आजोबा म्हणजे तिच्या नवऱ्याच्या, रवींद्रच्या वडिलांचे मामा. वय सत्याऐंशी, राहणार लंडनचे, इकडे अमेरिकेत ईडन प्रेरीला त्यांच्या घरी दोन महिन्यांसाठी आलेले. तरुणपणी त्यांनी तिकडे लंडनच्या अडतीस सिनेमांत कामं केली होती. हॉटेलातला वेटर, जहाजावरचा खानसामा, महालाच्या दारातला शिपाई. सगळे सिनेमे मिळून वाक्यं अकरा, त्यातली सात ‘येस सर’. हे ते स्वतःच सांगत आणि स्वतःच हसत.

प्रश्न सोमवारचा होता. नीलांबरीची रजा संपत होती, डेकेअरमधली जागा आठवडाभर लांबली होती आणि रवींद्र वरच्या खोलीत मीटिंगमध्ये असणार होता. खाली इशिताजवळ कोण? आजोबाच.

“त्यांना भ्रम झालाय रे,” ती रवींद्रला म्हणाली. “जमिनीवर टेप चिकटवत फिरतात. मी काढते, ते परत लावतात.”

“मग विचार ना त्यांना.”

“काय विचारू? आजोबा, डोकं ठिकाणावर आहे का?”

“तू नाहीच विचारणार. नुसती टक लावून बघत बसशील.”

रविवारी सकाळी तिने सगळे तुकडे पुन्हा काढले. दुपारी लाँड्री घेऊन खाली उतरली, तेव्हा इशितासाठी लावलेलं जिन्याचं फाटक उघडं राहिलं. तिच्याच हातून. सिंकशी उभी राहून वळून बघते तो इशिता चौथ्या पायरीवर, आणि मागे कलतेय. नीलांबरी धावली.

इशिता पडली नाही. तिची पाठ आजोबांच्या तळहातांवर टेकली होती. ते तिच्या मागे, दुसऱ्या पायरीवर उभे होते. सोफ्यावरून कधी उठले, ते नीलांबरीला दिसलंच नव्हतं.

“चार बोटं चुकलोच,” आजोबा पुटपुटले. “आज खूण नव्हती.”

“कसली खूण?”

“शूटिंगला जमिनीवर खडूची खूण असायची. हिरो वळायच्या आत आपण खुणेवर पोचायचं आणि खाली बघायचं नाही. डोळे सगळा वेळ हिरोवर. तो पेला कधी पुढे करणार, हे त्याच्या आधी मला कळायला हवं.”

“आणि नाही कळलं तर?”

“तर उद्या दुसरा वेटर.” त्यांनी इशिताला तिच्याकडे दिलं. “ही जिथे जिथे पडेल, तिथे मी माझ्या उभं राहायच्या खुणा केल्या. पण ही कार्टी रोज उपटून टाकते.”

“मी उपटत होते, आजोबा.”

आजोबा बघतच राहिले. “अगं, मग विचारायचं नाही का?”

“तुम्ही तरी सांगायचं!”

“मला कधी कुणी संवाद दिलेत?”

संध्याकाळी ड्रॉवरमधून टेप काढून नीलांबरी जिन्याशी गुडघ्यांवर बसली. “इथे?”

“थोडं डावीकडे.”

तिने तुकडा चिकटवला आणि इशिताचं नख आत जाऊ नये म्हणून चारही कडा घासून घासून बसवल्या.

सोमवारी लॅपटॉपची बॅग खांद्याला लावून ती दारात थांबली. इशिता टेबलाखाली शिरत होती. आजोबा कोपऱ्यावरच्या खुणेवर उभे होते.

“येते, आजोबा.”

त्यांनी मान वळवली नाही. डोळे इशितावर. नीलांबरीने ते नीट पाहून घेतलं आणि दार ओढलं.