सोळा नंबरची जर्सी

चहाचा कप खाली ठेवता ठेवता दाजींनी तिसऱ्यांदा तेच विचारलं आणि हिरानं तिसऱ्यांदा तेच सांगितलं, की मी काही मैदानावर यायची नाही.

दाजी म्हणजे नांगर फुटबॉल क्लबचे संस्थापक, अध्यक्ष आणि अठ्ठ्याहत्तराव्या वर्षीही रेषेबाहेर उभं राहून रेफ्रीला शिव्या घालणारे एकमेव अधिकृत गृहस्थ. क्लबला यंदा पन्नास वर्षं झाली होती. नारळी पौर्णिमेच्या आधीच्या रविवारी मुरुडच्या संघाशी दरवर्षीचा सामना, आणि त्यातच हिराचा सत्कार, असं कमिटीनं ठरवून टाकलं होतं. वीस वर्षं क्लबच्या सगळ्या जर्स्या हिरानं एकटीनं धुतल्या होत्या, तेव्हा सत्कार हवाच, यावर कमिटीत पहिल्यांदाच कुणी भांडलं नव्हतं. हिरानं गुडघा पुढे केला, तर दाजी म्हणाले की टेम्पो पाठवतो. सावर्ड्याच्या बहिणीकडे जायचंय म्हणाली, तर दाजींनी तिथल्या तिथे फोन लावून बहिणीलाच इकडे बोलावून घेतलं. आता काय करायचं?

हा क्लब कसा निघाला ते सांगायला हवं. दाभोळच्या अलीकडच्या या वाडीत पावसाळ्यात होड्या वर ओढून ठेवल्या, की दोन-अडीच महिने पुरुषांना काम नसायचं. मग पत्ते, पत्त्यांवरून भांडणं आणि त्या भांडणांवरून बायकांची भांडणं. दाजी तेव्हा अठ्ठावीस वर्षांचे होते. मुंबईच्या गोदीतून येताना त्यांनी एक चामड्याचा फुटबॉल आणला आणि वरच्या सड्यावर, जिथे कातळावर लाल माती साठलेली आहे, तिथे बांबू रोवून त्यांना जुनी मासेमारीची जाळी बांधली. नियम कुणालाच धड ठाऊक नव्हते. पहिल्या वर्षी एकेका बाजूला सतरा जण खेळले, कारण तेवढे आले होते आणि कुणाला नाही म्हणायचं. होड्या नांगरून पडलेल्या असताना निघाला म्हणून नांगर क्लब.

जर्स्या पुष्कळ उशिरा आल्या. गडद निळ्या, झकास. पण ज्यानं त्यानं आपापल्या घरी धुतल्या आणि खाडीकाठच्या मचूळ पाण्यानं तीन महिन्यांत अकरा जर्स्यांच्या अकरा तऱ्हा झाल्या. समोर नेमके किती संघ खेळतायत तेच कळत नाही, अशी तक्रार मुरुडकरांनी लेखी दिली. वाडीत गोड्या पाण्याची विहीर एकच, हिराच्या घरामागच्या परड्यातली. तेव्हापासून सामना झाला की सगळ्या जर्स्या एका गोणीत भरून हिराकडे येत.

मैदानावर पाऊल न ठेवता हिराला सगळे सामने ठाऊक असायचे. कुणाची कॉलर उसवलीय, कुणाच्या कोपराला रक्त आहे, कुणी पाठीवर पडलं, कुणी अंग चोरून खेळलं, हे तिला धुता धुता कळायचं, आणि संध्याकाळी ती त्या त्या पोराला हटकायचीसुद्धा. पोरं तिला टरकून असत.

आणि म्हणूनच ती मैदानावर जात नव्हती.

तिचा मुलगा अजिंक्य एकोणीस वर्षांचा असताना त्याला क्लबनं सोळा नंबरची जर्सी दिली. हिरानं दापोलीच्या बाजारात मासे विकता विकता सगळ्यांना सांगून टाकलं, की माझ्या अजिंक्यशिवाय त्यांचं पान हलत नाही. पहिल्या सामन्याच्या संध्याकाळी तिनं पाणी तापवून, तेलाची वाटी घेऊन वाट पाहिली. अजिंक्य आला. जर्सी गेली होती तशीच, नुकती घडी मोडल्यासारखी, कोरी. क्षणभर हिराचा चेहरा पडला, आणि तो नेमका त्यानं पाहिला.

पुढच्या सामन्याला जर्सी मातीनं लडबडून आली. पण माती कशी? पोटावर पाच बोटं स्पष्ट उमटलेली, पाठीवर हात पोचला तेवढीच, आणि चड्डीच्या मागे बाकावर बसल्याचा डाग. घामाचा मागमूस नाही. एका पाण्यात जर्सी स्वच्छ. हिरा विहिरीवर एकटीच हसली, मग तिला रडू आलं, मग तिनं ती वाळत घातली. संध्याकाळी मात्र तिनं त्याला दम दिला, की एवढं लोळायचं कशाला. त्याच्या तोंडावर जे समाधान आलं ते पाहून तिनं ठरवलं, की हे आपल्याला कळलंय असं त्याला आयुष्यात कळू द्यायचं नाही. गेली बारा वर्षं पोरगा नेमानं माती लावत होता आणि आई नेमानं दम देत होती. आता खुर्चीवर बसवून तिला सामना दाखवला, तर तो बाकावर बसलेला दिसणार. त्याला कळणार की आईनं पाहिलं. मग त्यानं तोंड कुठे लपवायचं?

इकडे अजिंक्यलाही घाम फुटला होता. सड्यावर शेवाळ फार झालंय, आये, घसरशील, असं तो आठवड्यातून चारदा म्हणाला. होड्यांची इंजिनं दुरुस्त करणारा हा एकतीस वर्षांचा बाप्या, पण आईसमोर ताप आल्याचं सोंग करण्यापर्यंत त्याची मजल गेली. हिरा त्याच्या प्रत्येक म्हणण्याला मान डोलवत होती. पण दाजींनी पत्रिका छापल्या होत्या आणि पत्रिका छापल्यावर माघार घेणं आमच्याकडे लग्न मोडण्यापेक्षा वाईट.

शेवटी हिरानं बेत केला. सत्कार सामन्याआधी आहे. साडी घ्यायची, नारळ घ्यायचा, गुडघा धरायचा आणि शिट्टी वाजायच्या आत टेम्पोत बसायचं.

बेत चांगला होता, पण त्यात दाजींचं भाषण धरलेलं नव्हतं. पन्नास वर्षांपैकी सातव्या वर्षापर्यंत दाजी आले, तोवर पावसाची मोठी सर आली, मुरुडची मंडळी कुरकुरायला लागली, आणि सत्कार मध्यंतरात करू असं ठरलं. हिरा प्लास्टिकच्या खुर्चीत अडकली. एका बाजूला दाजींची नात भाविका हातात कागद घेऊन, दुसऱ्या बाजूला मुरुडची एक बाई, जिचा मुलगा गोलकीपर होता.

अजिंक्य बाकाच्या पार टोकाला, छत्रीआड बसला होता. हिरानं नजर चेंडूवर ठेवली. तिकडे बघायचंच नाही, असं तिनं ठरवलं होतं.

पण कान कसे बंद करणार? पाच मिनिटं झाली नाहीत तोवर कुणीतरी ओरडलं, अजिंक्य, जाळीची गाठ सुटली. तो धावला. मग चेंडूतली हवा गेली. अजिंक्य. रेफ्रीच्या शिट्टीत पाणी शिरलं. अजिंक्य. मुंबईहून खेळायला आलेल्या पोरानं एकाच पायाचे दोन बूट आणले होते, तेही अजिंक्यनंच कुठूनतरी निस्तरलं. मुरुडच्या एकाचा पाय मुरगळला तेव्हा त्याला पाठीवर घेऊन बाहेर आणणाराही तोच. कॉर्नरच्या आधी कप्तान रितेश रेषेपाशी येऊन त्याच्याशी काहीतरी कुजबुजला, मग परत जाऊन त्यानं आपल्या दोघा खेळाडूंच्या जागा बदलल्या आणि पुढच्या क्षणी गोल झाला. मुरुडनं लगेच एक फेडला ती गोष्ट वेगळी.

मध्यंतरात भाविकानं क्लबचा इतिहास वाचला. वादळाच्या वर्षी क्लबच्या पोरांनी घराघरांवर पत्रे चढवले, आधी कुणाच्या घरी जायचं याची यादी अजिंक्यची. चिपळुणात पूर आला तेव्हा पोरं आठ दिवस दुसऱ्यांच्या घरातला चिखल उपसत होती, दोन टेम्पो जमवले अजिंक्यनं. पत्ते सुटलेले चार जण पुन्हा डाव मांडून बसले, तेव्हा त्यांना ओढून मैदानावर आणलं ते त्यानंच. हिराला ते चिपळूणचे आठ दिवस आठवले. त्या वेळची सोळा नंबरची जर्सी तीन पाण्यांतही स्वच्छ निघाली नव्हती. ती तिनं धुतली होती, आणि तरी बारा वर्षं ती मनातल्या मनात म्हणत आली, की बिचारा नुसता बसून असतो. बाजारात ती जे सांगायची ते तिला स्वतःलाच खोटं वाटायचं. ते शब्दशः खरं होतं! तिला एवढं भरून आलं, की दाजींनी दिलेली साडी तिनं दोनदा खाली पाडली.

आता ती घरी जायचं नाव काढेना.

सामना संपायला पाच मिनिटं उरली, एक-एक अशी बरोबरी होती, आणि रितेशला चांगुलपणा सुचला. आई आलीय, पोराला एकदा तरी खेळताना दिसू दे, म्हणून तो स्वतः बाहेर आला आणि अजिंक्यला आत जायची खूण केली. अजिंक्य उठला. त्यानं आईकडे पाहिलं. तोंड पांढरं पडलेलं. नाही म्हणावं तर आईसमोर फजिती, आत जावं तर क्लबचा पन्नासाव्या वर्षाचा सामना आपल्या पायानं घालवायचा. हिराला दोन्ही दिसलं. गप्प बसली, तर पोरगा तिच्यासाठी आत जाणार आणि पुढची बारा वर्षं स्वतःला बोल लावणार. बोलली, तर इतकी वर्षं जपलेलं सगळं चारचौघांत उघडं.

ती उभी राहिली. माइक भाविकाच्या हातात होता, पण बाजारात बसून मासे विकलेल्या बाईला माइक लागत नाही.

"रितेश, त्याला घालू नको. त्याला खेळता येत नाय. मॅच घालवशील."

सगळं मैदान तिच्याकडे वळलं. मग दाजी हसले, मग मुरुडकर, मग सगळेच. अजिंक्य तसाच उभा होता. हळूहळू त्याचे खांदे खाली आले, आणि तोही पोट धरून हसायला लागला. त्यानं रितेशच्या पाठीत थाप मारून त्याला परत आत ढकललं आणि येऊन आईच्या खुर्चीशी ओल्या मातीतच बसला.

"तुला ठाव होतं?" त्यानं विचारलं.

"पहिल्या धुण्यापासून."

"मग बोलली का नायस?"

"एवढी मेहनत करून मळवायचास," हिरा म्हणाली. "माझ्यासाठी कोण करतं एवढं?"

 तिच्या पायावरची माती त्यानं हातानं पुसली. दोघांनी पहिल्यांदाच एकत्र सामना पाहिला. त्यानं तिला ऑफसाइड समजावून सांगितलं, तिला ते कळलं नाही, आणि तिनं कळल्यासारखी मान हलवली.

शेवटच्या मिनिटाला रितेशनं असा काही फटका मारला, की चेंडू सरळ जाळीत दिसला. वाडी नाचायला लागली. पण मुरुडचा गोलकीपर हात हलवत होता. चेंडू खांबाच्या बाहेरून, जाळं फाडून आत आला असं त्याचं म्हणणं होतं. रेफ्री लांब होता, त्याला काही दिसलं नव्हतं. दोन्हीकडची पोरं एकमेकांच्या अंगावर गेली. तेवढ्यात मुरुडचा कप्तान म्हणाला, की अजिंक्यला बोलवा, तो सांगेल ते आम्हाला मान्य.

"जा," हिरा म्हणाली. "थांबलेत सगळे तुझ्यासाठी."

तो गेला. गुडघ्यावर बसून त्यानं जाळ्याचा एकेक पीळ बोटांनी चाचपला. बावीस माणसं भोवती उभी होती आणि आपले दाजी चक्क गप्प होते. मग त्यानं मान वर केली आणि सांगितलं, की धागे आतल्या बाजूला तुटून आलेत, चेंडू बाहेरून आलाय, गोल नाही. वाडीनं कपाळावर हात मारला. पण एकही माणूस त्याच्याशी वाद घालायला पुढे झाला नाही. रेफ्रीनं बरोबरी जाहीर केली.

मुरुडहून नुकत्याच येऊन पोचलेल्या एका बाईनं हिराला विचारलं, की हा कोण, एवढा सरळ.

"सोळा नंबर ना?" हिरा म्हणाली. "माझा मुलगा तो."